नाकासमोर पश्चिमेला

दोस्तांनो, नकाशाची वही काढा. मुंबईच्या समोर, खाडीपलीकडे, उरण तालुका दिसेल. तिथेच आहे न्हावा शेवा. आता न्हावा शेवावर बोट टेकवा आणि ते नाकासमोर पश्चिमेला सरकवत न्या. जराही वर जायचं नाही, जराही खाली यायचं नाही. अगदी आडव्या रेषेत.

काय काय लागतं पाहा. आधी घारापुरीचं बेट. मग थोडं पाणी ओलांडून दक्षिण मुंबई : छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनस, चर्चगेट, मरीन ड्राइव्ह. मरीन ड्राइव्हचा कठडा संपला की अरबी समुद्र. तो संपतो ओमानच्या किनाऱ्याला. पुढे रब-अल-खाली नावाचं अफाट वाळवंट, मग चिंचोळा तांबडा समुद्र, आणि तो ओलांडला की बोट थेट आफ्रिकेवर! सुदान देशातल्या सुआकिन या जुन्या बंदराजवळ. एके काळी इथली घरं समुद्रातल्या प्रवाळाचे दगड रचून बांधत असत. सुआकिन आणि न्हावा शेवा, दोन्ही बंदरं साधारण १९ अंश उत्तर अक्षांशावर आहेत. मध्ये अंतर सुमारे पावणेचार हजार किलोमीटर.

थांबू नका, बोट पुढे न्या. सुदानमध्ये नाईल नदी ओलांडा. मग चाड, नायजर, माली, मॉरिटानिया असे देश घेत घेत अटलांटिक महासागर गाठा. नुसती आफ्रिका ओलांडायला तुमच्या बोटाने साडेपाच हजार किलोमीटरहून जास्त अंतर कापलं! आपला भारत पूर्व-पश्चिम सुमारे २,९३३ किलोमीटर आहे. म्हणजे जवळजवळ दोन भारत एकापुढे एक ठेवावे लागले असते.

आता तुम्ही म्हणाल, असेल मोठी आफ्रिका, पण तिचा आपल्याशी काय संबंध? एवढा मोठा समुद्र आहे की मध्ये! दोस्तांनो, याच प्रश्नासाठी हा लेख लिहिला आहे. आपल्या अंगावर पडणारा पाऊस, अंगणात उडणारा चतुर, ताटातली भाकरी, आणि भाकरीचा घास तोंडात घालणारे आपण स्वतः, या सगळ्यांची एक एक गोष्ट आफ्रिकेत सुरू होते. समुद्र मध्ये आहे खरा, पण वारा, बिया, पाखरं आणि माणसं हजारो वर्षं त्याच समुद्रावरून ये-जा करत आली आहेत.

केवढा हा खंड!

आधी आफ्रिका किती मोठी ते नीट पाहू. भिंतीवरच्या पुष्कळ नकाशांत ग्रीनलँड हे बेट जवळजवळ आफ्रिकेएवढं दिसतं. ते खरं मानू नका. गोल पृथ्वी सपाट कागदावर उतरवताना त्या नकाशांत ध्रुवांकडचे प्रदेश ताणले जातात आणि विषुववृत्ताजवळचे त्या मानाने लहान दिसतात. प्रत्यक्षात आफ्रिकेत चौदा ग्रीनलँड बसतील. आफ्रिकेचं क्षेत्रफळ सुमारे ३ कोटी ३ लाख चौरस किलोमीटर, भारताचं सुमारे ३२ लाख ८७ हजार. म्हणजे नऊ भारत आत मावतील आणि वर थोडी जागा उरेल.

एवढ्या मोठ्या खंडात सगळीकडे सारखंच कसं असेल? कर्कवृत्त, विषुववृत्त आणि मकरवृत्त ही तिन्ही वृत्तं ज्याच्यातून जातात, असा हा एकमेव खंड. उत्तरेला सहारा वाळवंट, तेच सुमारे ९० लाख चौरस किलोमीटरचं. मध्यभागी काँगो नदीच्या खोऱ्यातलं घनदाट जंगल. तिथे गोरिला राहतात, आणि पायांवर झेब्र्यासारखे पट्टे असलेला, पण जिराफाचा नातलग असलेला ओकापी राहतो. पूर्वेला गवताळ मैदानं, जिथे लाखो विल्डबीस्ट पावसामागे आणि हिरव्या गवतामागे फिरत असतात. विषुववृत्तापासून फार दूर नसलेला किलिमांजारो ५,८९५ मीटर उंच आहे आणि त्याच्या माथ्यावर बर्फ आहे. दक्षिण टोकाला तर पेंग्विनसुद्धा आहेत, आणि ते ऊन खात वाळूवर पहुडलेले असतात!

आणि माणसं? ५४ देश आणि दोन हजारांच्या आसपास भाषा. इथिओपियाची स्वतःची जुनी लिपी आहे. तिच्यात प्रत्येक व्यंजनाला स्वर जोडून सात रूपं होतात. आपण ‘क का कि की’ म्हणत बाराखडी घोकतो ना, तशी तिथली मुलंही त्यांची ‘सातखडी’ घोकतात. आपल्या बोटाने ओलांडलेल्या माली देशात टिंबक्टू नावाचं शहर आहे. पाचशे वर्षांपूर्वी तिथे दूरदूरचे विद्यार्थी शिकायला येत. गणित, खगोल, वैद्यक, कायदा अशा विषयांवरच्या हजारो हस्तलिखित पोथ्या तिथल्या घराघरांतून पिढ्यान्‌पिढ्या जपल्या गेल्या. तेव्हा आफ्रिका म्हणजे नुसते सिंह आणि वाळवंट असं कुणी म्हणालं, तर त्याला टिंबक्टूची गोष्ट जरूर सांगा.

पाऊस येतो कुठल्या वाटेने?

आता आपली आडवी रेषा पुन्हा बघा. न्हावा शेवा आणि सहाराचा दक्षिणेकडचा भाग एकाच अक्षांशावर आहेत. म्हणजे दोन्हीकडे सूर्य सारखाच तळपतो. तरीही आपल्या किनाऱ्यावर वर्षाला दोन हजार मिलिमीटरहून जास्त पाऊस पडतो, आणि सहाराच्या मधल्या भागात वर्षभरात २५ मिलिमीटरही पडत नाही. तेवढा तर आपल्याकडे जुलैतल्या एका सरीत पडून जातो! असं का?

आपल्याकडे मान्सून येतो म्हणून. आणि हा मान्सून येतो कुठल्या वाटेने माहीत आहे? आफ्रिकेला वळसा घालून.

उन्हाळ्यात आपली जमीन तापते, तिच्यावरची हवा हलकी होऊन वर जाते आणि समुद्रावरची हवा तिकडे ओढली जाते. विषुववृत्ताच्या दक्षिणेकडून, हिंदी महासागरावरून, वारे पश्चिमेकडे वाहत येतात. ते आफ्रिकेच्या पूर्व किनाऱ्याशी पोचतात तेव्हा समोर केनिया आणि इथिओपियाची उंच डोंगरपठारं उभी असतात. तिथे वाऱ्यांची वाट अडते. शिवाय पृथ्वी स्वतःभोवती फिरत असल्यामुळे विषुववृत्त ओलांडलेले वारे उजवीकडे वळतात. मग हे सगळे वारे एकवटतात आणि सोमालियाच्या किनाऱ्यालगत जोरदार झोताच्या रूपात ईशान्येकडे, म्हणजे आपल्याकडे, धावत सुटतात. जमिनीपासून साधारण एक-दीड किलोमीटर उंचीवर या झोताचा जोर सर्वांत जास्त असतो. फाइंडलेटर नावाच्या ब्रिटिश हवामानशास्त्रज्ञाने १९६९ साली त्याचा सविस्तर अभ्यास प्रसिद्ध केला. अरबी समुद्रावरून येता येता हे वारे भरपूर बाष्प उचलतात, आणि सह्याद्रीला धडकले की वर चढून थंड होतात. मग काय, धो धो पाऊस! पुढच्या वेळी पावसात भिजाल तेव्हा आफ्रिकेतल्या त्या डोंगरांची आठवण काढा. वाऱ्याला आपल्याकडे वळवण्यात त्यांचा मोठा हात आहे.

सहाराकडे असे वारे फार आत पोचत नाहीत. तिथली हवा बहुतेक काळ वरून खाली उतरत असते, आणि खाली उतरणारी हवा तापते, कोरडी होते. ढग बनायचे कसे?

पण सहारा नेहमीच असा होता असं समजू नका. सुमारे अकरा हजार ते पाच हजार वर्षांपूर्वी तिथे गवत होतं, तळी होती, नद्या होत्या! पृथ्वीचा आस हजारो वर्षांच्या काळात संथपणे डोलतो. त्या काळी उत्तर गोलार्धाला उन्हाळ्यात आजच्यापेक्षा जास्त ऊन मिळत होतं, त्यामुळे आफ्रिकेतला मान्सून खूप उत्तरेपर्यंत जात होता. पुरावा पाहायचा? अल्जीरियातल्या तासिली पठारावर, भर वाळवंटात, खडकांवर जुनी चित्रं आहेत. त्यांत जिराफ आहेत, गाईगुरांचे कळप आहेत, चक्क पाणघोडेही आहेत. पाणी नसेल तिथे पाणघोडा कसा राहील? चित्रकारांनी जे आजूबाजूला पाहिलं, तेच काढलं होतं.

पायाखालचा काळा दगड

न्हावा शेवाहून होडीने काही मिनिटांवर घारापुरी आहे. तिथल्या लेण्यातली सुमारे सहा मीटर उंचीची सदाशिवाची मूर्ती तुम्ही चित्रात तरी पाहिली असेल. पुढच्या वेळी मूर्तीबरोबर तो दगडही नीट बघा. काळसर, घट्ट, जड. हा बेसाल्ट, म्हणजे थिजलेला लाव्हा. आपला सह्याद्री, आपले गडकिल्ले, महाराष्ट्राची बहुतेक जमीन याच दगडाची.

हा लाव्हा आला कुठून? त्यासाठी खूप मागे जावं लागेल. कोट्यवधी वर्षांपूर्वी भारत, आफ्रिका, मादागास्कर, दक्षिण अमेरिका, ऑस्ट्रेलिया आणि अंटार्क्टिका हे सगळे एकत्र जोडलेले होते. त्या महाखंडाला गोंडवन म्हणतात. त्या काळी तिथे ग्लॉसोप्टेरिस नावाची झाडं होती, जिभेच्या आकाराच्या पानांची. त्यांचे ठसे चंद्रपूरकडच्या कोळशाच्या खडकांत सापडतात आणि दक्षिण आफ्रिकेच्या खडकांतही. ही झाडं समुद्र पोहून गेली नव्हती, जमीनच तेव्हा एक होती!

मग महाखंड फुटू लागला. सुमारे ८ कोटी ८० लाख वर्षांपूर्वी भारत मादागास्करपासून सुटला आणि एकटाच उत्तरेकडे सरकत निघाला. वाटेत, सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी, तो पृथ्वीच्या पोटातल्या एका फार तप्त जागेवरून जात होता. पेटत्या मेणबत्तीवरून कागद हळूहळू सरकवत नेला, तर मेणबत्ती जागच्या जागीच राहते आणि कागदावर डागांची रांग उमटते ना? तसंच झालं. भारत त्या जागेवर आला तेव्हा जमीन भेगाळली आणि लाव्ह्याचे थरावर थर पसरत गेले. तोच आपला काळा दगड. भारत पुढे सरकला आणि मागे समुद्रतळावर ज्वालामुखींची एक लांबलचक रांग राहिली. लक्षद्वीप आणि मालदीवची प्रवाळबेटं त्याच बुडालेल्या रांगेच्या पाठीवर वाढली आहेत. ती तप्त जागा आजही धगधगते आहे. मादागास्करच्या पूर्वेला रेयुनियों नावाचं बेट आहे, तिथला ज्वालामुखी अजून अधूनमधून लाव्हा ओकतो. घारापुरीच्या दगडाचं माहेर म्हणजे तो ज्वालामुखी पेटवणारी जागा!

आणि ऐका. लाव्ह्याच्या आणि ज्वालामुखीच्या दगडात देवळं कोरायची कल्पना फक्त आपल्याच लोकांना सुचली असं नाही. इथिओपियात लालिबेला नावाचं गाव आहे. तिथे सुमारे आठशे वर्षांपूर्वीची अकरा चर्चेस आहेत, ज्वालामुखीच्या खडकात कोरलेली. त्यातलं सेंट जॉर्जचं चर्च जमिनीच्या पातळीवरून खाली खोदत, वरून कोरत नेलेलं आहे. वेरूळचं कैलास लेणंही वरून खाली कोरलेलं आहे, हे तुम्हाला ठाऊक असेलच. दोन्हीकडच्या कारागिरांसमोर एकच अडचण होती : चुकून जास्त दगड उडाला तर तो परत जोडता येत नाही.

पाच सेंटिमीटरचा दर्यावर्दी

पाऊस संपत आला की मैदानावर चतुरांचे थवे उडताना दिसतात. त्यातला एक पिवळसर, सोनेरी रंगाचा चतुर शोधा. शास्त्रज्ञ त्याला पँटाला फ्लेवेसेन्स म्हणतात. लांबी जेमतेम पाच सेंटिमीटर. तो बसलेला क्वचितच सापडतो, सारखा उडतच असतो. बसला तर त्याचे मागचे पंख जवळून पाहा. अंगाला जोडलेल्या बाजूला ते चांगलेच रुंद असतात. त्यामुळे पंख न हलवता वाऱ्यावर तरंगत जाणं त्याला सोपं जातं, आणि दमही कमी लागतो.

हा एवढासा किडा अरबी समुद्र ओलांडून आफ्रिकेत जातो! हे कोडं सुटलं मालदीवमध्ये. तिथे राहणारे जीवशास्त्रज्ञ चार्ल्स अँडरसन यांना दरवर्षी ऑक्टोबरच्या सुमारास आकाशातून चतुरांचे थवेच्या थवे उतरताना दिसत. त्यांना प्रश्न पडला : चतुर अंडी घालतात गोड्या पाण्यात, आणि मालदीवमध्ये तर गोड्या पाण्याची तळी जवळजवळ नाहीतच. मग एवढे चतुर जन्मले कुठे? त्यांनी वर्षानुवर्षं नोंदी ठेवल्या. चतुर आधी दक्षिण भारतात दिसतात, मग मालदीवमध्ये, मग सेशेल्समध्ये, मग पूर्व आफ्रिकेत. २००९ साली त्यांनी आपला निष्कर्ष मांडला : ईशान्येकडून वाहणाऱ्या वाऱ्यावर स्वार होऊन हे चतुर भारतातून आफ्रिकेत जातात, तिथल्या पावसाच्या डबक्यांत अंडी घालतात, आणि पुढच्या पिढ्या नैर्ऋत्य मान्सूनबरोबर भारताकडे परततात. सगळा फेरा चौदा ते अठरा हजार किलोमीटरचा असावा. तो एकच चतुर पुरा करत नाही. चार पिढ्या मिळून करतात! आजोबांनी सुरू केलेला प्रवास नातवंडांनी, पतवंडांनी पुरा करायचा, आणि तोही वाट कुणी शिकवलेली नसताना.

त्याच सुमारास आणखी एक प्रवासी निघतो : अमूर ससाणा. वजन दीडशे ग्रॅमच्या आसपास. तो पूर्व रशिया आणि उत्तर चीनमध्ये पिल्लं वाढवतो, मग नागालँडमध्ये थांबून वाळवीवर ताव मारतो, आणि भारत ओलांडून थेट अरबी समुद्रावर झेपावतो. समुद्रात उतरून विसावा घेणं त्याला शक्य नसतं. तो न थांबता सोमालियाचा किनारा गाठतो आणि पुढे आफ्रिकेच्या दक्षिण भागात हिवाळा काढतो. नोव्हेंबर-डिसेंबरात लोणावळ्याच्या परिसरात पक्षिनिरीक्षकांना तो दिसतो. वाटेत समुद्रावर त्याचं पोट कसं भरतं? तो चतुर खात जात असावा, असा अँडरसन यांचा अंदाज आहे.

आणि रोहित, म्हणजे आपले फ्लेमिंगो? ते आफ्रिकेतून येतात असं अनेक जण सांगतात. पण ठाणे खाडीत आणि उरणच्या पाणथळ जागांवर येणारे रोहित मुख्यतः गुजरातेतून, कच्छच्या रणाकडून येतात. आफ्रिकेत त्यांचे मोठे नातेवाईक-कळप आहेत. जगातले बहुतेक लहान रोहित टांझानियातल्या नेट्रॉन तळ्यावर जन्मतात. त्या तळ्याचं पाणी इतकं खारं आणि दाहक असतं की शत्रू तिकडे फिरकतच नाही! तिथल्या शैवालातल्या रंगद्रव्यामुळे त्यांची पिसं गुलाबी होतात. आपल्या खाडीतही शैवाल आहे, चिखल आहे, कांदळवन आहे, म्हणूनच रोहित इथे येतात. बंदर, पूल, रस्ते आपल्याला हवेतच. पण भरतीचं पाणी ज्या जागांत येतं-जातं त्या भराव टाकून बुजवल्या, तर हे पाहुणे उतरतील कुठे? उरणची पाणथळ जागा वाचली पाहिजे, हे मोठ्यांना सांगायला तुम्ही मुळीच लाजू नका.

भाकरी आली कुठून?

आता ताटाकडे वळू. भाकरी कशाकशाची होते? ज्वारीची, बाजरीची, नाचणीची. आणि ही तिन्ही धान्यं मूळची आफ्रिकेची!

ज्वारी माणसाने पहिल्यांदा शेतात पेरून आपलीशी केली ती पूर्व सुदानमध्ये, सुमारे पाच हजार वर्षांपूर्वी. तिथल्या जुन्या वस्तीतल्या मातीच्या भांड्यांच्या तुकड्यांवर ज्वारीच्या दाण्यांचे आणि कोंड्याचे ठसे सापडले आहेत. बाजरीचे असेच खूप जुने पुरावे मालीमध्ये, सहाराच्या दक्षिण कडेला मिळाले. तेच माली, जिथून आपली आडवी रेषा गेली होती. सहारा कोरडा पडत चालला होता, आणि कमी पाण्यात तग धरणारं धान्य तिथल्या शेतकऱ्यांनी वेचून वेचून वाढवलं. म्हणूनच आपल्या अवर्षणाच्या भागात बाजरी इतकी छान रुजली. नाचणी आली इथिओपिया-युगांडाकडच्या डोंगराळ भागातून, आणि रमली आपल्या कोकणातल्या वरकस जमिनीत. चवळी आफ्रिकेची. कलिंगडही आफ्रिकेचं. सुमारे चार हजार वर्षांपूर्वीपासून ही पिकं समुद्रमार्गे, किनाऱ्याकिनाऱ्याने आपल्याकडे येऊ लागली असं पुरातत्त्वज्ञ सांगतात.

मग आपण काही दिलं की नाही? दिलं ना! तूर मूळची भारताची. ती इथून आफ्रिकेत गेली आणि तिथल्या शेतांत चांगली स्थिरावली. आज आपल्याकडे तूर कमी पडते तेव्हा मोझांबिक, टांझानिया, मलावी या देशांतून ती कंटेनरमध्ये भरून न्हावा शेवा बंदरात येते. डाळी विकत घेण्याबद्दल भारताने २०१६ साली मोझांबिकशी करारही केला. म्हणजे ताटात ज्वारीची भाकरी आणि तुरीचं वरण असेल, तर विचार करा : आफ्रिकेत जन्मलेलं धान्य कदाचित सोलापूरच्या शेतात पिकलं असेल, आणि भारतात जन्मलेली डाळ मोझांबिकच्या शेतात.

मणी, मलिक अंबर आणि मॉरिशस

न्हावा शेवाचं आजचं बंदर सुरू झालं २६ मे १९८९ रोजी. त्याआधी इथे भातशेती, मिठागरं आणि कोळ्या-आगऱ्यांची गावं होती. पण या किनाऱ्यावरून आफ्रिकेशी व्यापार मात्र शेकडो वर्षांपासून चालत आला आहे. याच रायगड जिल्ह्यात अलिबागजवळ चौल आहे. एके काळी ते मोठं बंदर होतं. तिथून शिडाची गलबतं हिवाळ्यातल्या ईशान्य वाऱ्यावर आफ्रिकेकडे जात, आणि नैर्ऋत्येकडून वारा सुटला की परत येत. म्हणजे चतुराचंच वेळापत्रक!

चौलमध्ये उत्खननात काचेचे इवलेसे मणी सापडले, काही तर बाजरीच्या दाण्याएवढे. लाल, पिवळे, निळे, हिरवे. केनियाच्या किनाऱ्यावरच्या जुन्या वस्त्यांतही असेच मणी सापडले. शास्त्रज्ञांनी दोन्हीकडच्या काचेत कुठकुठली द्रव्यं किती आहेत ते तपासलं, तर काचेची घडण मिळतीजुळती निघाली! आपल्या शेजारच्या बंदरातले मणी आफ्रिकेतल्या कुणा मुलीच्या गळ्यात झळकत असतील. तिकडून येई हस्तिदंत, सोनं.

आणि माणसंही येत. यातली काही व्यापारी होती, खलाशी होती. पण पुष्कळांना पकडून, विकून, गुलाम करून आणलं जाई. माणसाने माणसाला विकणं हा इतिहासातला फार मोठा अन्याय आहे. तो लपवायचा नाही, नीट समजून घ्यायचा.

असाच एक मुलगा सुमारे १५४८ मध्ये इथिओपियात जन्मला. त्याला गुलाम म्हणून विकलं गेलं. हातोहाती फिरत तो दख्खनमध्ये, अहमदनगरच्या निजामशाहीत पोचला. पुढे हाच मुलगा मलिक अंबर म्हणून प्रसिद्ध झाला, निजामशाहीचा कर्ताधर्ता वजीर! त्याने गनिमी काव्याने मोगलांना वर्षानुवर्षं जेरीस आणलं. १६२४ मधल्या भातवडीच्या लढाईत शहाजीराजे त्याच्या बाजूने लढले. १६१० मध्ये त्याने खडकी नावाचं शहर वसवलं, तेच आजचं छत्रपती संभाजीनगर. डोंगराकडून जमिनीखालच्या नहरींतून त्याने शहरात पाणी आणलं. आता हे बघा : त्याच शहराजवळच्या वाळूजमध्ये मोटारसायकली बनतात आणि आफ्रिकेतल्या अनेक देशांत जातात. तिथे त्यांच्यावर मागे प्रवासी बसवून टॅक्सीसारख्या चालवतात.

मुरूडचा जंजिरा किल्ला माहीत आहे ना? तिथले सिद्दी राज्यकर्तेही मूळचे आफ्रिकेतलेच. त्यांचं संस्थान १९४८ मध्ये भारतात विलीन झालं. सिद्दी समाजाचे लोक आजही महाराष्ट्रात, गुजरातेत, कर्नाटकात राहतात. उत्तर कन्नड जिल्ह्यातले सिद्दी कोकणी आणि कन्नड बोलतात. ते आपल्याच देशाचे, आपल्याच मातीतले लोक आहेत.

आणि आपली माणसं तिकडे गेली का? गेली की. मॉरिशस हा आफ्रिकेतलाच एक बेटांचा देश. एकोणिसाव्या शतकात उसाच्या मळ्यांवर काम करायला महाराष्ट्रातून, विशेषतः कोकणातून, कुटुंबं तिथे गेली. त्यांच्या घरांतून मराठी टिकली, तिथल्या शाळांत आज ती शिकवली जाते, आणि गणेश चतुर्थीला साऱ्या देशाला सुट्टी असते!

पण सर्वांत जुनी गोष्ट अजून राहिली आहे. मोरोक्कोत जेबेल इरहूद नावाच्या जागी आपल्यासारख्या माणसांची सुमारे तीन लाख वर्षांपूर्वीची हाडं सापडली आहेत. आधुनिक माणूस आफ्रिकेत घडला आणि तिथून जगभर पसरला. तुमचे, माझे, जपानच्या मुलाचे, ब्राझीलच्या मुलीचे, सगळ्यांचे खूप खूप जुने पूर्वज आफ्रिकेतले. म्हणून आफ्रिकेबद्दल शिकणं म्हणजे परक्या मुलखाची माहिती पाठ करणं नव्हे. आपल्याच कुळाचा इतिहास वाचणं आहे ते. कुणी कुणाला त्वचेच्या रंगावरून हिणवत असेल, तर त्याला हे नक्की सांगा.

करून पाहा

१. घरातल्या धान्याच्या डब्यांची यादी करा. कुठलं धान्य मूळचं कुठलं, ते शोधून प्रत्येक डब्यावर छोटी चिठ्ठी चिकटवा. आफ्रिकेच्या चिठ्ठ्या किती होतात ते मोजा. आधी आईबाबांना अंदाज करायला सांगा!

२. सप्टेंबर-ऑक्टोबरात मैदानावर पिवळसर चतुर दिसले तर तारीख, वेळ आणि वारा कुठून वाहतो आहे ते वहीत लिहा. अँडरसन यांनी हेच तर केलं होतं. दरवर्षी लिहीत राहा.

३. तुमचं गाव कोणत्या अक्षांशावर आहे ते पाहा, आणि तिथून नाकासमोर पश्चिमेला बोट सरकवा. नागपूर, कोल्हापूर, नाशिक, सावंतवाडी, प्रत्येकाची रेषा आफ्रिकेत वेगळ्या जागी पोचेल.

४. आफ्रिकेतला एक देश निवडा आणि त्याच्याबद्दल सिंह, हत्ती, वाळवंट सोडून दुसरी एक गोष्ट शोधा. एखादं गाणं, एखादा पदार्थ, एखादा खेळ, एखादी शास्त्रज्ञ. मग पुढच्या आठवड्यात दुसरा देश. एकूण ५४ देश आहेत, म्हणजे दर आठवड्याला एक घेतलात तरी अख्खं वर्ष पुरायचं नाही!